गाडी सापडली नाही, याचा कागद

अनोळखी वाहनाने उडवलं आणि ते वाहन सापडलंच नाही, तर गंभीर जखमीला पन्नास हजार आणि मृत्यू झाल्यास घरच्यांना दोन लाख रुपये मिळण्याची कायदेशीर सोय आपल्याकडे आहे. १ एप्रिल २०२२ पासून आहे. आमच्या घरात हे कुणालाच ठाऊक नव्हतं, आणि ज्यांना ठाऊक असायला हवं त्यांच्यापैकीही बऱ्याच जणांना नव्हतं. अण्णांच्या, म्हणजे माझ्या वडिलांच्या, अपघातानंतर हे पैसे मिळेपर्यंत काय काय करावं लागलं ते क्रमाने लिहिते आहे. गावाचं, पोलीस ठाण्याचं, दवाखान्याचं नाव मुद्दाम घातलेलं नाही. मराठवाड्यातला एक तालुका, एवढं पुरे.

तारीख ९ डिसेंबर २०२४, सोमवार. अण्णा उजाडायच्या आत स्कूटीवरून शेताकडे निघाले होते. मागून आलेल्या पांढऱ्या पिकअपचा आरसा हँडलला लागला, स्कूटी कडेच्या मुरमावर घसरली आणि डावा पाय तिच्याखाली आला. पिकअप जरा मंदावली आणि निघून गेली. ऊस भरायला आलेल्या ट्रॅक्टरवाल्यांनी अण्णांना उचलून ग्रामीण रुग्णालयात आणलं आणि नाव न सांगता ते निघून गेले. मदत करणाऱ्याला नाव-पत्ता द्यायची सक्ती करता येत नाही, असं मोटार वाहन कायद्याच्या कलम १३४ अ खालचे नियम सांगतात, त्यामुळे त्यांचं काही चुकलं नाही. आम्हाला मात्र डोळ्यांनी पाहिलेला साक्षीदार उरला नाही.

ग्रामीण रुग्णालयात एमएलसीची, म्हणजे पोलिसांना कळवायच्या वैद्यकीय-कायदेशीर प्रकरणाची, नोंद झाली, पायाला फळी बांधली आणि जिल्ह्याच्या गावी न्या म्हणून चिठ्ठी मिळाली. नडगीची दोन्ही हाडं मोडली होती. १२ तारखेला खाजगी दवाखान्यात ऑपरेशन होऊन रॉड बसवला. औषधांसकट बिल साधारण एक लाख अडतीस हजार झालं. दवाखाना जन आरोग्य योजनेच्या यादीत नव्हता. अपघातग्रस्तांसाठी दीड लाखापर्यंत, अपघातापासून सात दिवस, कॅशलेस उपचारांची केंद्र सरकारची योजना मे २०२५ मध्ये आली. आमच्या वेळी ती नव्हती, पण आज कुणावर ही वेळ आली तर दवाखान्यात पाय ठेवतानाच तिच्याबद्दल विचारा. ती ठरावीक दवाखान्यांतच चालते.

११ तारखेला हवालदार जबाब घ्यायला दवाखान्यात आले. माणूस बोलायला चांगला होता. "नंबर नाही, साक्षीदार नाही, गुन्हा दाखल करून हाती काय लागणार काका? डायरीला नोंद करून ठेवतो," म्हणाले. अण्णा एसटीच्या वर्कशॉपमधून निवृत्त झालेत, सरकारी कागदाची त्यांना सवय आहे. पाय टांगलेल्या अवस्थेत ते म्हणाले, "साहेब, नोंद नको, गुन्हा नोंदवा." पुढचं सगळं त्या एका वाक्यावर उभं राहिलं. स्टेशन डायरीतल्या नोंदीवर भरपाईचा अर्ज पुढे सरकवणं अवघड आहे, तिथे एफआयआरच विचारतात. अज्ञात चालकावर भारतीय न्याय संहितेचं कलम २८१ आणि १२५ (ब), शिवाय मोटार वाहन कायद्याची कलमं, असा गुन्हा लागला. जानेवारी २०२४ मध्ये ट्रकवाल्यांनी ज्या दहा वर्षांच्या शिक्षेविरुद्ध चक्का जाम केला होता, तीच लागेल असं आमच्या गल्लीत सगळ्यांना वाटत होतं. ते कलम १०६ (२) मृत्यूच्या प्रकरणांसाठी आहे, आणि न्याय संहिता लागू करताना ते बाजूला ठेवलं गेलं.

पंचनाम्याच्या वेळी दादा तिथे हजर राहिला. मुरमात आरशाच्या काचेचा तुकडा आणि काळ्या प्लास्टिकचा एक भाग पडलेला होता. तो जप्त करून पंचनाम्यात लिहून घ्यायला त्याने लावलं. पुढे पेट्रोलपंपाच्या कॅमेऱ्याचं चित्रीकरण मागायलाही तोच गेला. पंपावर जुनं चित्रीकरण काही दिवसांनी आपोआप पुसलं जातं, त्यामुळे पोलिसांना लेखी अर्ज देऊन ते लगेच मागवून घेणं शहाणपणाचं. आमच्या चित्रीकरणात त्या सुमाराला तीन पांढऱ्या पिकअप दिसल्या. धुक्यात एकीचीही पाटी वाचता आली नाही.

डिसेंबर आणि अर्धा जानेवारी अण्णांना उठवण्या-बसवण्यात गेला. रस्त्यावर मोठा हॉर्न वाजला की ते बोलता बोलता थांबायचे. मी पुण्याहून शनिवार-रविवारी यायची आणि जमलेले कागद एका फायलीत लावायची. तेवढंच आपल्या हातात आहे असं वाटायचं.

जानेवारीत विम्याचा विषय निघाला. स्कूटीचा विमा चालू होता. एजंट आमच्या ओळखीचे. त्यांनी खुर्ची ओढून शांतपणे समजावलं की थर्ड पार्टी विमा म्हणजे आपल्या गाडीने दुसऱ्याचं नुकसान झालं तर. आपला पाय मोडला तर त्यातून काही नाही. मालक-चालकासाठी पंधरा लाखांचं जे सक्तीचं वैयक्तिक अपघात कव्हर असतं, ते मृत्यू आणि कायमच्या अपंगत्वासाठी. रॉड बसून पाय जुळणार असेल तर त्यातूनही शून्य. ज्याने धडक दिली त्याच्या विम्यावर आपला हक्क असतो, पण त्यासाठी "तो" कोण ते माहीत हवं.

त्याच आठवड्यात कॅलिफोर्नियातल्या मामेभावाचा फोन आला. त्याला वाटलं, आपल्याकडेही तिथल्यासारखं असेल. तिथे स्वतःच्या गाडीच्या पॉलिसीतच "अनइन्शुअर्ड मोटरिस्ट" नावाचं कव्हर असतं. कंपनीला ते देऊ करावंच लागतं, नको असेल तर ग्राहकाने लेखी नकार द्यायचा. समोरच्याकडे विमा नसेल तर आपलीच कंपनी आपल्या दुखापतीचे पैसे देते, आणि पळून गेलेली अज्ञात गाडी विमा नसलेली धरली जाते. अटी मात्र कडक. त्या गाडीचा प्रत्यक्ष स्पर्श झालेला हवा, चोवीस तासांत पोलिसांना कळवायला हवं आणि तीस दिवसांत कंपनीला शपथेवर निवेदन द्यायला हवं. नुसतं कट मारून गेली आणि आपण कठड्यावर आदळलो, तर त्या कव्हरमधून काही हाती लागत नाही. मी ऐकून घेतलं आणि त्याला सांगितलं की आपल्याकडे असं कव्हर नसतं. ते खरंही होतं. पण त्याने विचारलं, "मग तिथे ज्यांना असं कुणी उडवतं ते काय करतात?" याचं उत्तर मला देता आलं नाही.

ते शोधताना मोटार वाहन कायद्याचं कलम १६१ सापडलं. पळून जाणं म्हणजे हिट अँड रन, अशी आपली समजूत असते. या कलमाला चालक पळाला की थांबला याच्याशी फारसं देणंघेणं नाही. वाजवी प्रयत्न करूनही ज्या वाहनाची ओळख पटवता येत नाही, अशा वाहनाच्या वापरातून झालेला अपघात, एवढीच त्याची व्याख्या आहे. म्हणजे चालक पळाला पण कुणी नंबर टिपून घेतला, तर भरपाईपुरतं ते हिट अँड रन राहत नाही. मग मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात त्या गाडीचा मालक आणि विमा कंपनी यांच्यावर दावा लावायचा. त्या गाडीला विमाच नसेल तर जबाबदारी मालकाच्या गळ्यात, आणि वसुलीची कटकट आपल्या. आमच्या आळीतल्या एका काकूंचं तेच झालंय, पण ती वेगळी गोष्ट. स्पर्श झालाच पाहिजे असं आपल्या व्याख्येत लिहिलेलं नाही. तरी आरशाचा तो तुकडा पंचनाम्यात होता म्हणून मला बरं वाटलं, कारण "म्हातारा स्वतःच घसरला" असं म्हणायला कुणाला वेळ लागत नाही.

यातली चमत्कारिक गोष्ट अशी की तोवर आम्ही रोज ती पिकअप सापडावी म्हणून धडपडत होतो, आणि आता ती सापडली नाही असं पोलिसांनी लिहून द्यावं म्हणून खेटे घालायचे होते. दादाला हे पटायला वेळ लागला. "म्हणजे आपणच तपास बंद करा म्हणायचं?" असं त्याचं म्हणणं. तसं नसतं. अर्ज केला म्हणून तपास बंद होत नाही, आणि गाडी नंतर सापडली तर दाव्याची वाट मोकळी राहते.

इथे मुदतीचा एक पेच आहे. न्यायाधिकरणातला दावा अपघातापासून सहा महिन्यांत लावायचा, असं कलम १६६ मध्ये २०२२ पासून आहे. त्या मुदतीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, पण आपण त्यावर विसंबू नये. आम्ही ९ जून ही तारीख कॅलेंडरवर लाल शाईने लिहून ठेवली होती, त्याआधी गाडी सापडली तर दावा लगेच टाकायचा म्हणून.

फेब्रुवारीत पोलीस ठाण्यात गेले. तपासी अंमलदार बदलून गेले होते, नव्यांनी फाईल पाहिली नव्हती. या कलमाखालच्या भरपाई योजनेचं नाव काढलं तर म्हणाले, "ते तहसीलचं काम, मॅडम." तहसीलमध्ये गेले तर एका जुन्या कारकुनाने "सोलेशियम का? साडेबारा हजार मिळतात" असं सांगितलं. ते १९८९ च्या जुन्या सोलेशियम, म्हणजे भरपाई, योजनेचे आकडे, मृत्यूला पंचवीस आणि गंभीर जखमीला साडेबारा हजार. नवी योजना फेब्रुवारी २०२२ मध्ये अधिसूचित झाली आणि रकमा दोन लाख व पन्नास हजार झाल्या. मी राजपत्राची प्रत छापून नेली तेव्हा त्यांनी ती शेवटपर्यंत वाचली आणि "ठेवू का एक?" विचारलं. त्यानंतर त्या कार्यालयात मला सर्वांत जास्त मदत त्यांनीच केली.

गाडं खरं अडलं ते नायब तहसीलदारांच्या टेबलावर. त्यांना "अ समरी" हवी होती. गुन्हा खरा पण आरोपी मिळून आला नाही, असा अहवाल पोलीस न्यायालयात देतात, त्याला आपल्याकडे अ समरी म्हणतात. ती न्यायदंडाधिकाऱ्यांनी मंजूर केली की प्रत द्या, मग अर्ज घेतो. ठाण्यात विचारलं तर उत्तर आलं, तपास चालू आहे, एवढ्यात समरी कशी पाठवणार? दोघांचंही म्हणणं आपापल्या खुर्चीवरून बरोबर होतं, आणि दोघांच्या मध्ये मी होते.

जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात ही गाठ सुटली. एका वकिलांनी त्याआधी हेच काम मिळणाऱ्या रकमेच्या टक्क्यांवर करायची तयारी दाखवली होती. प्राधिकरणात एक पैसा लागला नाही. तिथल्या बाईंनी सर्वोच्च न्यायालयाचा १२ जानेवारी २०२४ चा आदेश काढून दाखवला. एस. राजसीकरन प्रकरणातला, न्या. अभय ओक आणि न्या. पंकज मिथल यांचा. अपघाताचा पहिला अहवाल, ज्याला एफएआर म्हणतात, तो नोंदवल्यापासून महिनाभरात वाहनाचा पत्ता लागला नाही, तर पोलिसांनी जखमीला किंवा वारसांना या योजनेची माहिती लेखी द्यायची, दावा चौकशी अधिकाऱ्याचा संपर्क द्यायचा आणि एफएआर त्या अधिकाऱ्याकडे पाठवायचा, असं त्यात स्पष्ट आहे. समरी मंजूर होईपर्यंत थांबा, असं त्यात नाही. प्रत्येक जिल्ह्यात देखरेख समिती नेमून तिने दोन महिन्यांतून एकदा तरी बसायचं आणि तिची बैठक प्राधिकरणाच्या सचिवांनी बोलवायची, हेही त्यातच आहे.

त्या आदेशातले आकडे वाचून मी गप्प झाले. २०२२ मध्ये देशात हिट अँड रनचे ६७,३८७ अपघात झाले, आणि २०२२-२३ या आर्थिक वर्षात भरपाईचे अर्ज आले २०५. निकाली निघाले ९५. म्हणजे मला भेटलेल्या माणसांनी हा अर्ज कधी हाताळलेला नव्हता यात नवल नव्हतं. बहुधा मीच त्यांची पहिली गिऱ्हाईक होते. राग बराच निवळला, चिकाटी मात्र सोडली नाही.

प्राधिकरणाचं पत्र ठाण्यात आणि तहसीलमध्ये गेलं. मार्च संपता संपता ठाण्याने एका पानाचं पत्र दिलं: अमुक गुन्हा रजिस्टर नंबरमधील वाहनाचा शोध घेतला, अद्याप मिळून आले नाही, तपास सुरू आहे. साधा कागद, गोल शिक्का. अण्णांनी चष्मा लावून तो वाचला आणि घडी न घालता फायलीत सरकवला.

अर्ज ८ एप्रिल २०२५ ला दिला. हा अर्ज जखमी जिथे राहतो तिथे नाही, जिथे अपघात झाला त्या तालुक्यात द्यायचा. आमच्या बाबतीत दोन्ही एकच होतं, पण लांबच्या महामार्गावर अपघात झाला तर हे ध्यानात ठेवा. दावा चौकशी अधिकारी म्हणजे तहसीलदार किंवा प्रांत. नमुना १ मध्ये अर्ज आणि नमुना ४ मध्ये हमीपत्र, की याच अपघाताची दुसरीकडून भरपाई मिळाली तर ही रक्कम परत करीन. सोबत एफआयआर, पंचनामा, ठाण्याचं पत्र, दवाखान्याचे कागद, आधार आणि बँक पासबुकाची प्रत. एफआयआरची प्रत महाराष्ट्र पोलिसांच्या नागरिक पोर्टलवरून मिळाली. अर्जाला शुल्क नाही. झेरॉक्स, नोटरी आणि एसटीचं भाडं हाच काय तो खर्च. आवक शाखेत दिलेल्या प्रत्येक कागदाची पोच शिक्क्यासह घ्या, नुसत्या "ठेवून जा"वर जाऊ नका.

अर्ज देऊन सुस्कारा सोडतो तोच आणखी एक कागद आडवा आला. पन्नास हजार मिळतात ते "गंभीर दुखापती"साठी, आणि हाड मोडणं कायद्याने गंभीर दुखापतीतच येतं. पण ग्रामीण रुग्णालयाच्या पहिल्या जखम प्रमाणपत्रावर "क्ष-किरण अहवाल येईपर्यंत मत राखून" असं लिहिलेलं होतं, कारण तिथे फक्त फळी बांधली गेली होती. खाजगी दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड आणि एक्स-रे घेऊन दादा परत तिथे गेला. वैद्यकीय अधिकारी आठवड्यातून ठरावीक दिवशीच सह्या करायच्या. मेच्या दुसऱ्या आठवड्यात "गंभीर" हा शब्द लिहिलेलं अंतिम प्रमाणपत्र मिळालं. एक्स-रेची प्लेट जपून ठेवा, घड्या घालू नका, उन्हात ठेवू नका.

नियमाप्रमाणे चौकशी अधिकाऱ्याने महिन्यात अहवाल द्यायचा, जिल्हाधिकाऱ्यांनी दावा निपटारा आयुक्त म्हणून पंधरा दिवसांत मंजुरी द्यायची आणि जनरल इन्शुरन्स कौन्सिलने, म्हणजे विमा कंपन्यांच्या परिषदेने, पुढच्या पंधरा दिवसांत थेट खात्यात पैसे भरायचे. कागदावर सगळं मिळून दोन महिने. अण्णांचा जबाब जूनमध्ये झाला. काठी टेकत ते तहसीलचा जिना चढले, कारण दालन वरच्या मजल्यावर. तहसीलदार बाईंना ते कळल्यावर त्या स्वतः उठून बाहेर आल्या आणि पुढचे प्रश्न त्यांनी पायरीवरच विचारून घेतले. अहवाल जुलैअखेर जिल्हाधिकारी कार्यालयात गेला. तिथे तो नेमक्या कुठल्या शाखेत आहे हे शोधण्यातच बराच काळ गेला. जावक क्रमांक हातात असेल तरच फोनवर कुणी उत्तर देतं, म्हणून तहसीलमधून तो लिहून आणा. मी माहिती अधिकाराचा अर्ज तयार करून ठेवला होता, पण देखरेख समितीची बैठक आहे असं कळल्यावर आधी प्राधिकरणात स्मरणपत्र दिलं. बैठकीनंतर फाईल हलली.

मंजुरीचा आदेश १२ सप्टेंबरचा. त्याची प्रत अर्जदारालाही मिळते, आम्हाला ती टपालाने आली. मग पासबुकाच्या प्रतीवर आयएफएससी क्रमांक पुसट आहे म्हणून विचारणा झाली, रद्द केलेला चेक पाठवला, आणि १७ ऑक्टोबर २०२५ ला अण्णांच्या मोबाइलवर पन्नास हजार जमा झाल्याचा मेसेज आला. तो आधी बँकेच्या फसवणुकीचा वाटून त्यांनी पुसून टाकायला घेतला होता.

दवाखान्याच्या बिलाच्या निम्मीही ही रक्कम नाही. रकमेत टप्प्याटप्प्याने वाढ करता येईल का याचा विचार करा, असं न्यायालयाने केंद्राला त्याच आदेशात सांगितलं होतं. आमच्या हाती आले ते पन्नासच. त्यातले तीस हजार आत्याला परत केले, तिने ऑपरेशनच्या आदल्या रात्री दिले होते. उरलेले रॉड काढायच्या ऑपरेशनसाठी बाजूला ठेवलेत. डॉक्टर म्हणतात पुढच्या हिवाळ्यात.

अ समरी अजून गेलेली नाही. ठाण्यात आता तिसरे तपासी अंमलदार आलेत. आरशाचा तुकडा मुद्देमालात आहे, आणि हमीपत्राप्रमाणे उद्या ती पिकअप सापडून न्यायाधिकरणातून भरपाई मिळाली, तर हे पन्नास हजार परत करावे लागतील. अण्णांना याची पूर्ण कल्पना आहे. गावातून पांढरी पिकअप गेली की ते अजून डाव्या आरशाकडे बघतात.